पक्षातला सुधारक नेता खरा की नुसता बोलबच्चन? कसं तपासायचं (जर्मनीच्या रीटा झ्यूसमूट यांच्या उदाहरणासकट)

सीडीयूमधला (जर्मनीतला मोठा ख्रिश्चन, पुराणमतवादी पक्ष) अमका नेता बरा आहे हो, मोकळ्या विचारांचा वाटतो, असं कोणीतरी ग्रुपवर टाकतं आणि मग रात्रभर वाद. एक म्हणतो पक्षच जुनाट, माणूस एकटा काय करणार, दुसरा म्हणतो आत राहून बदलणारेच खरे, आणि पुरावा दोघांकडेही नाही, फार तर एखाद्या टॉक शोची क्लिप. इथे जर्मनीत आता बऱ्याच मराठी लोकांनी पासपोर्ट घेतलाय, मतदान करतात, त्यामुळे हा प्रश्न नुसता टाइमपास राहिलेला नाही. म्हणून मी जसं बघते तसं लिहून ठेवतेय. उदाहरण मुद्दाम जुनं घेतलंय, कारण जुन्या माणसाचा निकाल लागलेला असतो, आत्ताच्या नेत्याचं अजून काय सांगता येतं.

रीटा झ्यूसमूट. जन्म १९३७, वुपरटाल. शिक्षणशास्त्राच्या प्रोफेसर, कॅथलिक, सीडीयू पक्षात आल्या १९८१ ला आणि १९८५ ला थेट केंद्रात कुटुंब आणि आरोग्य खात्याच्या मंत्री. चारच वर्षांत! आपल्याकडे एवढ्यात तालुकाध्यक्षपण मिळत नाही.

तर सगळ्यात आधी हे बघायचं की माणूस पक्षात आला कुठून आणि त्याच्या मागे कोण उभं आहे. सीडीयू म्हणजे एकसंध काही नाहीये, युद्ध संपल्यावर १९४५ ला कॅथलिक आणि प्रोटेस्टंट एकत्र येऊन झालेला पक्ष, बव्हेरिया राज्यात त्याची बहीण सीएसयू, बाकी सगळीकडे सीडीयू, आणि आत कामगारांची आघाडी वेगळी, धंदेवाल्यांची वेगळी, महिलांची, तरुणांची वेगळी. नेता यातल्या कुठल्या गटाच्या जिवावर निवडून येतो ते कळलं की तो कुठपर्यंत ताणू शकतो ते कळतं. झ्यूसमूटबाईंना आणलं हायनर गाइसलर यांनी, ते पक्षाचे सरचिटणीस होते आणि त्याच खात्याचे आधीचे मंत्रीसुद्धा. त्यांनीच मार्च १९८५ मधे एसेनला पक्षाचं अख्खं अधिवेशन स्त्री-पुरुष भागीदारी या विषयावर घेतलं होतं, कारण तरुण बायका पक्षाला मतं देईनाशा झाल्या होत्या. म्हणजे सुधारणेमागे तत्त्व होतं तसं मतांचं गणितही होतं, आणि त्यात वाईट काही नाही, उलट ज्या सुधारणेमागे गणित नसतं ती लवकर बारगळते असं माझं मत. पण बाईंचा स्वतःचा जिल्हा नाही, कार्यकर्ते नाहीत. तो तळ त्यांनी नंतर कमावला, पक्षाच्या महिला आघाडीचं अध्यक्षपद १९८६ पासून २००१ पर्यंत सोडलं नाही.

दुसरं, खुर्चीत असताना आपल्याच लोकांना झोंबेल असं काय केलं. विरोधकांना झोंबणारं कोणीही करतं, ते धरायचंच नाही. इथे एड्सचं प्रकरण बघा. ऐंशीच्या दशकाचा मध्य, प्रचंड घबराट, आणि बव्हेरियाच्या गृहखात्यात सीएसयूचे पेटर गाउवायलर, त्यांचं म्हणणं हा साथीचा रोग आहे तर साथीच्या कायद्याने वागा, सक्तीने टेस्ट करा. १९८७ मधे बव्हेरियाने नियम काढलेसुद्धा, सरकारी नोकरीला अर्ज करणाऱ्यांची टेस्ट, काही परदेशी लोकांची टेस्ट. झ्यूसमूट म्हणाल्या नाही, रोगाशी लढायचं, रोग्याशी नाही. लोकांना घाबरवलं की ते टेस्टलाच येणार नाहीत, लपतील, आणि रोग पसरेल. मग देशभर माहितीची मोहीम, कंडोमबद्दल उघड बोलणं, समलिंगी पुरुषांनीच उभ्या केलेल्या मदत संघटनांना सोबत घेणं आणि सरकारी पैसा देणं. एका कॅथलिक बाईने, ख्रिश्चन नाव लावणाऱ्या पक्षाच्या सरकारात, १९८७ साली! चर्चमधूनही बोलणी खाल्ली. बव्हेरिया आपल्याच वाटेने गेला कारण तो कायदा राबवणं राज्यांच्या हातात होतं, पण केंद्राची दिशा बाईंनी ठरवली आणि ती टिकली. आता यात तपासण्यासारखं काय, तर मंत्र्याने भाषण काय केलं ते नाही, पैसा कुठे गेला ते. भाषण आणि बजेट एका दिशेला असतील तर माणूस गंभीर आहे.

तिसरं आणि माझ्या मते सगळ्यात महत्त्वाचं म्हणजे मतदान. लोक इथेच आळस करतात. जर्मन संसदेत एरवी हात वर करून मतदान होतं, त्यात कोणी काय केलं याची नोंद नसते, पण एखाद्या गटाने मागणी केली की नावानिशी मतदान होतं आणि प्रत्येकाचं नाव हो-नाही-तटस्थ असं छापलं जातं. अलीकडच्या याद्या संसदेच्या साइटवर सरळ मिळतात, जुन्या हव्या असतील तर कामकाजाच्या वृत्तांताच्या पीडीएफमधे, १९४९ पासूनचे सगळे वृत्तांत फुकट आहेत. जर्मन येत नसेल तरी चालेल, नावांची यादी वाचायला भाषा लागत नाही, बाकीचं मशीनने भाषांतर करून घ्या.

पण कुठलं मतदान उघडायचं? जिथे पक्षाची लाइन आणि नेत्याचं बोलणं एकमेकांना भिडतं तेच. झ्यूसमूट यांच्या बाबतीत दोन. पहिलं गर्भपाताच्या कायद्याचं, २६ जून १९९२. भानगड अशी होती की पूर्व जर्मनीत १९७२ पासून पहिल्या बारा आठवड्यांत बाईला स्वतः ठरवता यायचं, पश्चिमेत कायदा कडक, आणि एकीकरणाच्या करारात लिहिलेलं की १९९२ संपायच्या आत दोन्हीकडे एकच कायदा आणा. शेवटी वेगवेगळ्या पक्षांच्या खासदारांनी मिळून प्रस्ताव आणला, आधी सल्ला घ्यायचा मग निर्णय बाईचा, आणि तो ३५७ विरुद्ध २८४ मतांनी पास झाला. सीडीयू-सीएसयूच्या बहुसंख्य लोकांनी विरोधात मत दिलं, त्यांच्यातल्या ३२ जणांनी बाजूने, त्यात झ्यूसमूट, आणि त्या तेव्हा संसदेच्या अध्यक्ष होत्या म्हणजे आडोसा घ्यायला जागा होती, घेतला नाही. पुढच्याच वर्षी घटना कोर्टाने तो कायदा बराचसा उडवला आणि १९९५ ला सुधारून परत आणावा लागला, हेही नोंदवून ठेवा, संसदेत जिंकलं म्हणजे झालं असं नसतं.

दुसरं मतदान १५ मे १९९७. तोपर्यंत जर्मन कायद्यात बलात्काराची व्याख्याच लग्नाबाहेरची होती, नवऱ्याने केला तर तो बलात्कार धरला जायचा नाही. सरकारने आधी जो मसुदा आणला त्यात पाचर होती, बायकोला नंतर हरकत घेऊन खटला थांबवता येईल अशी. ऐकायला बरं वाटतं, पण घरात नवरा दबाव टाकून हरकत घ्यायला लावणार हे कोणाला कळत नाही? सगळ्या पक्षांच्या महिला खासदार एकत्र आल्या, ती पाचर काढून टाकली, पक्षादेश नसलेलं मतदान झालं आणि कायदा झाला. विरोधात १३८ मतं पडली, त्यात आत्ताचे चान्सलर (म्हणजे सरकारप्रमुख) फ्रीडरिश मेर्त्सही होते. म्हणून सांगते, नेता अमुक कायद्याच्या बाजूने होता का एवढंच विचारू नका, कुठल्या मसुद्याच्या बाजूने होता ते विचारा. पाचरवाल्या मसुद्याला हो म्हणणारेही नंतर आम्ही बाजूनेच होतो म्हणून सांगू शकतात.

चौथं, किंमत मोजली का. १९८८ च्या नोव्हेंबरमधे संसदेचे अध्यक्ष येनिंगर यांना एका भाषणावरून जावं लागलं आणि चान्सलर हेल्मुट कोल यांनी झ्यूसमूटना त्या जागी बसवलं. मान मोठा, पण खातं गेलं, बजेट गेलं. बऱ्याच जणांनी त्याचा अर्थ अडचणीच्या मंत्र्याला वरच्या मजल्यावर नेऊन ठेवलं असाच लावला. मग १९८९, ब्रेमेनचं अधिवेशन, कोलना बाजूला करायचा बेत, गाइसलर, बाडेन-व्युर्टेम्बर्गचे मुख्यमंत्री लोथार श्पेट आणि सोबत झ्यूसमूट. कोलनी गाइसलरना सरचिटणीसपदाला परत उभंच केलं नाही, श्पेट ऐनवेळी लढायला तयार झाले नाहीत, आणि नेमकी त्याच वेळी हंगेरीने पूर्व जर्मनीच्या लोकांना पश्चिमेकडे जाऊ देण्यासाठी सीमा उघडल्याची बातमी घेऊन कोल आले, खेळ खलास. श्पेट पक्षाच्या वरच्या मंडळातून पडले. झ्यूसमूट यांचं अध्यक्षपद मात्र राहिलं आणि १९९८ पर्यंत टिकलं, कारण त्या पदावर संसद निवडते, पक्षप्रमुख काढून टाकू शकत नाही. हा मुद्दा लक्षात ठेवा, बंडखोर टिकला तर तो शूर म्हणून टिकला का खुर्चीच हलवता न येणारी होती म्हणून, दोन्ही तपासा. माझ्या मते इथे दोन्ही.

(मधेच एक गंमत. ख्रिस्तो आणि जान-क्लोद या कलाकार जोडप्याला राइशटागची (बर्लिनमधलं जुनं संसद भवन) अख्खी इमारत कापडात गुंडाळायची होती, कोलचा कडक विरोध, झ्यूसमूट बाजूने, १९९४ ला संसदेत मतदान झालं आणि २९२ विरुद्ध २२३ ने कलाकार जिंकले. १९९५ च्या उन्हाळ्यात गुंडाळलीसुद्धा.)

दुसऱ्या बाजूचा कागदही भरायचा. सरकारी गाडी आणि सरकारी विमानाच्या वापरावरून बाईंवर नव्वदच्या दशकात आरोप झाले, पेपर भरून आले होते. सुधारक म्हणजे धुतल्या तांदळासारखा असं समजून बसलात तर पहिल्याच बातमीला तुमचं मत उलटं होईल. ते वेगळं, हे वेगळं, दोन्ही लिहा.

पाचवं थोडक्यात, पक्षाच्या नियमात काही बदललं का. १९९६ ला हानोफरला सीडीयूने पदं आणि उमेदवारीत एक तृतीयांश बायका असा नियम घेतला, त्याच्या आदल्याच वर्षी तो थोडक्यात पडला होता. पुढे २०२२ मधे टप्प्याटप्प्याने निम्म्यापर्यंत न्यायचं ठरलं. हे सगळं एकट्या झ्यूसमूट यांच्या नावावर टाकता येत नाही, पण महिला आघाडी त्यासाठी वर्षानुवर्षं लढत होती आणि आघाडी त्यांच्या हातात होती.

शेवटचं, आणि आपल्याला थेट लागू. नेता निघून गेल्यावर त्याच्या कल्पनेचं काय झालं ते बघायचं, त्यासाठी वीस वर्षं थांबावं लागलं तरी. २००० मधे चान्सलर श्रोडर यांनी आयटीवाल्यांसाठी ग्रीन कार्ड काढलं, जास्तीत जास्त २०,००० लोकांसाठी. तेव्हा नॉर्थ ऱ्हाइन-वेस्टफालियाच्या निवडणुकीत सीडीयूच्या युर्गन ऱ्युटगर्स यांचा प्रचार किंडर श्टाट इंडर या नावाने गाजला, भारतीय कशाला, आपली मुलं शिकवा. ती निवडणूक ते हरले. आणि त्याच वर्षी श्रोडर सरकारातले, म्हणजे सीडीयूच्या प्रतिस्पर्धी एसपीडी पक्षाचे गृहमंत्री ओटो शिली यांनी स्थलांतर समितीच्या अध्यक्ष म्हणून कोणाला बोलावलं तर झ्यूसमूटना. स्वतःच्या पक्षात नाराजी, पक्षाने पेटर म्युलर यांची वेगळी समिती काढली, तरी बाई गेल्या. जुलै २००१ च्या अहवालात सरळ म्हटलं की जर्मनी हा बाहेरून लोक येणारा देश आहे, ते मान्य करा, भाषा शिकवा, आणि निवड गुण देऊन करा. कायदा २००२ ला राज्यांच्या सभागृहात मतमोजणीच्या वादात अडकला, कोर्टाने रद्द केला, २००५ ला लागू झाला तेव्हा गुणांचं कलम तडजोडीत गळालेलं होतं. आणि जून २०२४ पासून चान्सनकार्ट आलं, शिक्षण, भाषा, अनुभव, वय यावर किमान सहा गुण मिळवा आणि नोकरी शोधायला या. पुण्यातून आज जी पोरं त्याचा फॉर्म भरतायत त्यांना हे नाव माहीतही नसेल, आणि हे आणलं ते सीडीयू विरोधात असताना दुसऱ्यांच्या सरकारने.

आता हेच आत्ताच्या कुठल्याही नेत्यावर लावून बघा. सुरुवात मतदानाच्या यादीपासून करा, मुलाखती सगळ्यात शेवटी. आणि एक युक्ती, वृत्तांताच्या शेवटी जे परिशिष्ट असतं ते चुकवू नका, तिथे खासदार आपण असं मत का दिलं याचं लेखी निवेदन देऊ शकतात, कामकाजाच्या नियमावलीत कलम ३१ आहे त्यासाठी. पक्षासोबत मत देऊन निवेदनात कुरकुर करणारे बरेच सापडतील. त्यांना सुधारकांच्या यादीत टाकायची घाई करू नका, वेगळी यादी करा.