वॉटलचं बी रुजत नाही? उकळतं पाणी ओता

सिडनीत बागेसाठी स्थानिक झुडूप हवं असेल तर ‘स्वीट वॉटल’ (अकेशिया सुआव्हिओलेन्स) लावा. आपल्या बाभळीच्या गोतातलं, पण काटे नाहीत. फिकट पिवळ्या फुलांचे गोंडे थंडीत येतात आणि वास मस्त! निळसर हिरवी, लांबट पानं म्हणजे खरं तर चपटे झालेले देठ.

ते मूळचं पूर्व किनाऱ्यालगतच्या रेताड, निकस जमिनीवरचं. मुंग्या बिया जमिनीखाली नेतात, तिथे त्या वर्षानुवर्षं पडून राहतात आणि वणव्याची धग लागली की रुजतात. ती धग घरी द्यायची तर वाटीतल्या बियांवर उकळतं पाणी ओता, रात्रभर तसंच राहू द्या. सकाळी टम्म फुगलेल्या बिया पेरा. उरलेल्यांवर पुन्हा गरम पाणी.

कुंडीत निम्म्याहून जास्त जाड रेती घाला, पाणी साचू देऊ नका. शेणखताचा मोह आवरा, फॉस्फरसवालं खत तर नकोच. छाटणी फुलं गळल्यावर, तीही हलकीच. जुन्या लाकडापर्यंत कापलं तर सहसा फुटत नाही. झाड अल्पायुषी असतं, म्हणून शेंगा जपून ठेवा. पहिल्या वेळचं बी मात्र नर्सरीतूनच घ्या, नॅशनल पार्कमधून तोडायला बंदी आहे.