सेक्रेटेरिअल विभागात नव्याने आलात? आधी जुनी मिनिट्स वाचा

कंपनी सेक्रेटरीचं (सीएसचं) ट्रेनिंग सुरू झालेली मुलं-मुली हमखास विचारतात, ‘कॉर्पोरेट गव्हर्नन्ससाठी काय वाचू?’ त्यांना एखाद्या जाड पुस्तकाचं नाव हवं असतं. मी सांगतो, परवानगी घेऊन ऑफिसातली मागच्या काही वर्षांची मिनिट्स बुकं, म्हणजे बैठकांच्या कामकाजाच्या नोंदवह्या, काढा आणि क्रमाने वाचा. पारदर्शकता, उत्तरदायित्व वगैरे शब्द परीक्षेत लिहावे लागतातच. पण कोणत्या ठरावावर कोण काय बोललं, कोण गप्प बसलं, कोणाला कागद किती दिवस आधी मिळाले, हे कळल्याशिवाय त्या शब्दांना वजन येत नाही.

कॉर्पोरेट गव्हर्नन्सचा मूळ प्रश्न साधा आहे. पैसा भागधारकांचा, कारभार दुसऱ्यांच्या हाती, आणि दोघांच्या मध्ये लक्ष ठेवायला संचालक मंडळ. परदेशी पुस्तकांत भांडण बहुतेक वेळा पगारी सीईओ आणि विखुरलेले भागधारक यांच्यात असतं. आपल्याकडे प्रवर्तक (कंपनी उभी करणारा) स्वतःच मोठा भागधारक, मुलगा कार्यकारी संचालक आणि भावाची कंपनी पुरवठादार, असं चित्र जास्त दिसतं. म्हणून आपल्या नियमांचा रोख मुख्यतः प्रवर्तक आणि छोटे भागधारक यांच्यातल्या व्यवहारांवर असतो. हे ध्यानात ठेवलं की कलमं रटावी लागत नाहीत, ती का आली ते आपोआप कळतं.

इतिहास थोडक्यात सांगतो. राहुल बजाज यांच्या पुढाकाराने सीआयआय या उद्योगसंघटनेची ऐच्छिक संहिता आली १९९८ मध्ये. कुमार मंगलम बिर्ला समितीच्या शिफारशींवरून २००० मध्ये कंपनी आणि शेअर बाजार यांच्यातल्या लिस्टिंग कराराचं कलम ४९ आलं. मग २००३ ची नारायण मूर्ती समिती, २०१३ चा कंपनी कायदा, २०१५ चे बाजार नियामक सेबीचे शेअर बाजारात नोंदलेल्या (लिस्टेड) कंपन्यांसाठीचे एलओडीआर नियम आणि २०१७ ची उदय कोटक समिती. एवढा क्रम परीक्षेला पुरतो.

या इतिहासात कुठे थांबायचं असेल तर सत्यम या सॉफ्टवेअर कंपनीपाशी थांबा. बहुतेक जण ७ जानेवारी २००९ चं अध्यक्ष रामलिंग राजूंचं कबुलीपत्र आणि खात्यातली ५,०४० कोटींची खोटी शिल्लक एवढंच लक्षात ठेवतात. नव्या माणसाने त्याआधीची तारीख अभ्यासावी, १६ डिसेंबर २००८. त्या दिवशी मंडळाने राजू कुटुंबाशी संबंधित मेटास प्रॉपर्टीज आणि मेटास इन्फ्रा या दोन कंपन्या सुमारे १.६ अब्ज डॉलरना घ्यायचं मंजूर केलं. सॉफ्टवेअर कंपनीचा पैसा प्रवर्तकांच्या जमीन आणि बांधकामाच्या धंद्यात जाणार होता. गुंतवणूकदार इतके भडकले की काही तासांतच सौदा मागे घ्यावा लागला. मंडळावर बिझनेस स्कूलचे नामवंत प्राध्यापक होते, स्वतंत्र, म्हणजे प्रवर्तकांशी संबंध नसलेल्या, संचालकांची संख्या नियमात बसणारी होती, आणि त्याच वर्षी कंपनीला गव्हर्नन्ससाठी गोल्डन पीकॉक पुरस्कारही मिळाला होता. (तेव्हापासून असल्या पुरस्कारांच्या ट्रॉफ्या रिसेप्शनवर दिसल्या तरी मी त्यांवर फारसा भरवसा ठेवत नाही.) काही दिवसांनी मंगलम श्रीनिवासन या स्वतंत्र संचालिकेने राजीनामा दिला. विरोधी मत न नोंदवल्याची नैतिक जबाबदारी त्यांनी स्वीकारली होती. म्हणजे शंका होती, मत मात्र ठरावाच्या बाजूने गेलं.

आता कंपनी कायद्याचं कलम ११८ उघडा. मंडळाच्या बैठकीत एखाद्या ठरावाला कोणी असहमती दाखवली असेल तर त्या संचालकाचं नाव मिनिट्समध्ये आलंच पाहिजे. त्याच कायद्याचं परिशिष्ट चार (शेड्यूल फोर) स्वतंत्र संचालकांना सांगतं की शंकेचं निरसन झालं नाही तर ती मिनिट्समध्ये नोंदवण्याचा आग्रह धरा. आणि कलम १४९ नुसार मंडळाच्या प्रक्रियेतून माहीत असलेल्या गोष्टीत संमती दिली किंवा पुरेशी काळजी घेतली नाही, तर स्वतंत्र संचालकही जबाबदार धरला जातो. म्हणून ‘सविस्तर चर्चेअंती एकमताने मंजूर’ हे वाक्य ड्राफ्टमध्ये सवयीने टाकू नका. चर्चा झाली असेल तर काय झाली ते दोन ओळींत लिहा. मंडळाच्या बैठकांसाठीच्या एसएस-१ या सेक्रेटेरिअल मानकाप्रमाणे बैठकीनंतर १५ दिवसांत ड्राफ्ट सर्व संचालकांकडे जातो आणि त्यांना शेरे द्यायला ७ दिवस मिळतात. या शेऱ्यांच्या ईमेल जपून ठेवायला शिका. एखादा संचालक ‘मी हे वाक्य बोललो होतो, ते गाळलंय’ असं लिहितो, तेव्हा त्या कंपनीत गव्हर्नन्स जिवंत असतो.

संबंधित पक्षांचे व्यवहार, म्हणजे आरपीटी, नव्यांना उगाच किचकट वाटतात. सोसायटीच्या सेक्रेटरीने रंगकामाचं कंत्राट मेहुण्याला दिलं तर सभासद काय विचारतील? मेहुणा आहे हे आधी सांगितलं होतं का, दुसरी कोटेशन्स आणली का, आणि ठराव झाला तेव्हा हे महाशय मतदानात होते का. कायदाही तेच विचारतो. कलम १८४ खाली हितसंबंध जाहीर करायचे, आणि पब्लिक कंपनीत त्या विषयाच्या चर्चेत भाग घ्यायचा नाही. लिस्टेड कंपनीत मंडळाच्या ऑडिट कमिटीची आगाऊ मंजुरी लागते, आणि ती कमिटीतल्या फक्त स्वतंत्र सदस्यांनी द्यायची असते. मेहुण्याला काम देणं हा गुन्हा नाही. ते लपवणं आणि बाजारभावापेक्षा जास्त दर देणं, तिथे गडबड सुरू होते.

नैतिकतेची खरी कसोटी मात्र मंडळाच्या खोलीत नाही, आपल्या टेबलावर लागते. माझ्या आधीच्या एका नोकरीत दर तिमाहीला कोणीतरी यायचं, ‘बँकेला आजच सीटीसी हवीय, ठराव मागच्या तारखेचा दाखवू.’ सीटीसी म्हणजे ठरावाची प्रमाणित प्रत देतोय आणि बैठक झालेलीच नाही! अशा वेळी नुसतं ‘नाही’ म्हटलं की ट्रेनीला अडेलतट्टू ठरवतात. म्हणून सरळ मार्ग हाताशी हवा. कलम १७५ खाली काही विषय सर्क्युलेशनने, म्हणजे बैठक न घेता संचालकांकडे कागद फिरवून, मंजूर होतात. कर्ज काढण्यासारखे कलम १७९ मधले विषय मात्र बैठकीतच घ्यावे लागतात. मग तातडीची बैठक बोलवा. एरवी सात दिवसांची नोटीस लागते, पण तातडीच्या कामासाठी ती कमी करता येते, फक्त स्वतंत्र संचालक असतील तर त्यांपैकी किमान एक हजर हवा. व्हिडिओ कॉन्फरन्सिंगही चालतं. ‘सर, उद्या सकाळी व्हीसीवर अर्ध्या तासात होईल, नोटीस तयार आहे,’ असं म्हणणाऱ्या ट्रेनीपुढे मागच्या तारखेचा विषय बहुतेक वेळा तिथेच मिटतो. नाही मिटला, तर आपलं म्हणणं वरिष्ठांना ईमेलवर कळवा, तोंडी नको.

लिस्टेड कंपनीत असाल तर आणखी एक पथ्य. निकालांचे आकडे तुमच्या स्क्रीनवर जगाच्या आधी येतात. तिमाही संपल्यापासून निकाल जाहीर झाल्यानंतर ४८ तासांपर्यंत ट्रेडिंग विंडो बंद असते, म्हणजे कंपनीच्या शेअरची खरेदी-विक्री करता येत नाही, आणि ही बंदी तुमच्यासह जवळच्या नातेवाइकांच्या डीमॅटलाही लागू होते. बैठकीचा निकाल एक्स्चेंजला ३० मिनिटांत कळवायचा असतो, बाजार बंद झाल्यावर बैठक संपली तर ३ तासांत. तोवर घरच्या ग्रुपवर ‘आज उशीर होईल, मोठं काहीतरी आहे’ एवढंही टाकू नये. आकडा न सांगताही बातमी फुटते.

दुसऱ्या कंपनीत इंटरव्ह्यूला जाणार असाल तर तिचा वार्षिक अहवाल मागून वाचा. अध्यक्षांचं गोड पत्र सोडा. आधी आरपीटीची टीप, मग संचालकांच्या उपस्थितीचा तक्ता, मग ऑडिटरचे शेरे. शेवटी एक्स्चेंजच्या साइटवर राजीनामे शोधा. स्वतंत्र संचालक मुदतीआधी गेला तर कारणं सविस्तर द्यावी लागतात, आणि दुसरं कोणतंही महत्त्वाचं कारण नाही अशी खात्रीही. एकाच वर्षात दोघे-तिघे ‘वैयक्तिक कारणास्तव’ गेलेले दिसले आणि पाठोपाठ ऑडिटरनेही मुदत संपण्याआधी काम सोडलं असेल, तर पगाराचा आकडा ऐकण्याआधी त्याबद्दल विचारा.