जुना कीबोर्ड खोलण्याआधी त्याचा सर्किट डायग्राम पाहा

राजेहो, आपल्याकडे टायपिंग क्लासमध्ये, शाळेच्या अडगळीच्या खोलीत जुने मेकॅनिकल कीबोर्ड अजूनही पडून आहेत, टीव्हीएस गोल्डसारखे, आणि दोनचार बटणं चालत नाही एवढ्यावरून ते भंगारवाल्याकडे जातात. मला हे पाहवत नाही. यातला एकेक स्विच वेगळा काढता येते, बदलता येते, फक्त बिघाड नेमका कुठं आहे ते डायग्रामवरून शोधाव लागते.

आधी डायग्राम कसा वाचायचा ते. शंभराच्या वर बटणं असतात पण चिपपर्यंत तेवढ्या लाइनी जात नाही. चौफुलीवर लावलेली पऱ्हाटी डोळ्यासमोर आणा, उभ्याआडव्या तासांच्या प्रत्येक फुलीवर एक झाड, तसंच इथं प्रत्येक फुलीवर एक बटण. यालाच मॅट्रिक्स म्हणतात. चिप एकेक कॉलम म्हणजे उभी लाइन तपासत जाते आणि कोणत्या रोवरून म्हणजे आडव्या लाइनीवरून उत्तर आलं ते पाहते.

आता नोटपॅड उघडा, सगळी बटणं दाबा, जी चालत नाही त्यांना डायग्रामवर लाल पेनानं गोल करा. कीबोर्डवर शेजारी असलेली बटणं मॅट्रिक्समध्ये शेजारी असतीलच असं नाही, म्हणून नुसतं वरून पाहून काही कळत नाही. सगळे गोल एकाच लाइनीवर आले तर स्विचला हात लावू नका, ती लाइन तुटली आहे. मल्टिमीटर कंटिन्युइटीवर ठेवा, म्हणजे दोन टोकं आतून जोडलेली असली की बीप वाजते, कीबोर्ड कॉम्प्युटरपासून काढलेला असला पाहिजे, आणि चिपच्या पिनपासून सुरू करून एकेका बटणापर्यंत बीप वाजते का पाहत जा. जिथं थांबली त्याच्या अलीकडेच तुटलेलं आहे, बहुतेक चहा सांडलेल्या जागी. हिरवा थर खरवडून बारीक वायरचा जंपर टाका, म्हणजे तुटलेली दोन टोकं वायरनं जोडा. मीटर सेलवर चालते, म्हणजे वीज गेली तरी एवढं काम होऊन जाते.

एकच बटण मेलं असेल तर कीबोर्ड लावून त्या स्विचचे दोन पाय चिमट्यानं जोडा. अक्षर उमटलं म्हणजे स्विच खराब. नवीन शोधत बसू नका, स्क्रोल लॉकचा काढून इथं लावा, तो कोण वापरते! अक्षर नाहीच उमटलं तर सोल्डर आणि डायोड (करंट एकाच बाजूनं जाऊ देणारा बारका पार्ट) पाहा. डायोड बहुतेक १एन४१४८ असते, मीटरवर एका बाजूनं ०.६ व्होल्टच्या आसपास दाखवते, उलट बाजूनं काहीच नाही. दोन्हीकडून वाजला तर बदला, काही रुपयांचा आहे, नागपूरला सीताबर्डीत गेलं की दहावीस घेऊनच ठेवायचे.

पूर्ण कीबोर्डच बंद असेल तर आधी केबल. जुन्या पाच पिनच्या गोल प्लगमध्ये मधली पिन डेटाची, तिच्या एका बाजूला ४ नंबर ग्राउंड, दुसऱ्या बाजूला ५ नंबर म्हणजे ५ व्होल्ट, कडेची १ नंबर क्लॉक. इथं जपून, कारण प्लग समोरून पाहिला आणि सॉकेट समोरून पाहिलं की बाजू उलटतात, डायग्राम कोणत्या बाजूचा आहे ते वाचल्याशिवाय काही जोडू नका नाहीतर ग्राउंड आणि ५ व्होल्टची अदलाबदल होते. सॉकेटवर ५ व्होल्टच येत नसेल तर मदरबोर्डवरचा कीबोर्डचा फ्यूज तपासा. आणि हा प्लग कॉम्प्युटर चालू असताना काढूघालू नये.

१९८४ च्या क्लास या सरकारी संगणक शिक्षण योजनेत शाळांना बीबीसी मायक्रो नावाचे कॉम्प्युटर दिले होते, त्यातला एखादा सापडला तर त्याचं सर्व्हिस मॅन्युअल इंटरनेटवर आहे. त्यात कॉलम ७४४५ चिप चालवते आणि रो ७४एलएस२५१ वाचते, म्हणजे पूर्ण कॉलम मेला तर कोणती चिप पाहायची ते सरळ दिसते.

डायग्राम मिळालाच नाही तर स्वतः काढा. ग्राफपेपर घ्या, एका स्विचच्या पायाला मीटरचा एक प्रोब (वायरचं टोक) लावून ठेवा, दुसरा प्रोब बाकी सगळ्यांवर फिरवा, जे वाजतील ते एका लाइनीवर. संध्याकाळ जाते याच्यात, पण पुढच्या प्रत्येक तसल्या कीबोर्डला तोच कागद कामी येते, फोटो काढून ठेवा आणि कोणी मागितला तर देऊन टाका.