मृग सापडला की हिवाळ्याचं निम्मं आकाश सापडतं

तारे ओळखायला शिकायचंय म्हटलं की बरेच जण पहिल्याच रात्री अख्खा आकाशनकाशा उघडून बसतात आणि अर्ध्या तासात वैतागून खाली येतात. माझं म्हणणं, एकच नक्षत्र धरा, मृग, ते पक्कं झालं की बाकीचे त्याच्यावरून सापडत जातात.

पण कधी बघायचं? मृग म्हटलं की आपल्याला जूनच आठवतो, पण 7-8 जूनला मृग लागतो म्हणजे सूर्य त्या नक्षत्रात जातो, म्हणजे तेव्हा ते सूर्याबरोबरच उगवणार आणि मावळणार, दिसणार कसं (ढग असतात ते वेगळंच). दिसतं ते थंडीत. जानेवारीच्या मध्यावर रात्री साडेदहाच्या सुमाराला, फेब्रुवारीच्या मध्यावर साडेआठलाच ते महाराष्ट्रातून जवळपास डोक्यावर, दक्षिणेकडे जरासं कललेलं असतं. तारे रोज चारेक मिनिटं लवकर उगवतात, महिन्याला दोन तास, एवढा हिशोब डोक्यात ठेवला की पुरे.

अमावास्येच्या आसपासची रात्र निवडा, वीसेक मिनिटं डोळ्यांना अंधाराची सवय होऊ द्या आणि मोबाईल खिशात ठेवा. अ‍ॅप चांगलीच असतात पण स्क्रीनचा एक झोत पडला की ती वीस मिनिटं परत पहिल्यापासून.

आता दक्षिणेकडे तोंड करून वर बघा. एका ओळीत जवळजवळ सारख्या अंतरावर तीन तारे दिसले की काम झालं, तो मृगाच्या पोटात घुसलेला बाण. त्याच्याभोवती चौकोनात चार तारे म्हणजे हरणाचे पाय. वरचा डावा तांबूस दिसतो तो काक्षी, खालचा उजवा निळसर पांढरा तो राजन्य, रंगातला हा फरक साध्या डोळ्यांनीही कळतो. काक्षी 2019 च्या शेवटी एकदम मंद झाला तेव्हा आता फुटतोय की काय म्हणून जगभर चर्चा होती, निघालं काय तर त्यानेच सोडलेली धूळ आड आली होती. बाणाच्या खाली एक पुसट डाग दिसतो, दुर्बीण असेल तर तिथे नक्की लावा, तो तेजोमेघ आहे, म्हणजे वायू आणि धुळीचा ढग, तिथे नवे तारे तयार होतायत.

मग बाणाची रेघ डावीकडे खाली वाढवा. हात लांब केला की आपली मूठ साधारण 10 अंश झाकते, अशा सव्वादोन मुठींवर व्याध, म्हणजे बाण मारणारा शिकारी, रात्रीच्या आकाशातला सगळ्यात तेजस्वी तारा, फक्त साडेआठ प्रकाशवर्षांवर. तीच रेघ उजवीकडे वर तेवढीच वाढवली की नारिंगी रोहिणी, आणि तशीच पुढे दीडएक मूठ गेलं की कृत्तिकांचा छोटासा पुंजका. पायोनियर 10 यान साधारण या रोहिणीच्या दिशेने चाललंय, पोचायला वीस लाख वर्षं लागतील म्हणतात, त्याचा शेवटचा क्षीण सिग्नल 2003 मध्ये आला. या पट्ट्यात नकाशात नसलेला पण न लुकलुकणारा ठळक ठिपका दिसला तर गोंधळू नका, तो ग्रह असणार, सूर्य-चंद्र-ग्रहांची वाट इथूनच जाते.

माझा सगळ्यात आवडता टप्पा म्हणजे अगस्त्य तारा. फेब्रुवारीच्या मध्यावर रात्री सव्वानऊला व्याधापासून साडेतीन मुठी खाली, किंचित उजवीकडे. मुंबई-पुण्याहून तो क्षितिजापासून जेमतेम 18-19 अंश वर येतो, त्यामुळे दक्षिणेला बिल्डिंग असेल तर विसरा, कोकणातला किनारा किंवा एखादा गड बरा. लंडनवाल्यांना तर तो दिसतच नाही. मंगळाकडे गेलेल्या मरिनर 4 यानाने 1964 मध्ये दिशा धरून ठेवायला सूर्याच्या जोडीला हाच तारा वापरला, कारण तो तेजस्वी आहे आणि सूर्याच्या वाटेपासून खूप लांब आहे. गंमत म्हणजे यानाचा तारा शोधणारा सेन्सर आधी भलत्याच ताऱ्यांवर जाऊन बसला होता, तेव्हा तुम्हाला पहिल्या दिवशी नाही सापडला तर मनाला लावून घेऊ नका.

एप्रिल संपता संपता मृग संध्याकाळीच पश्चिमेला टेकतो. मग उत्तरेकडे वळा, सप्तर्षी वर आलेले असतात, त्यांच्या शेपटीचा बाक तसाच पुढे वाढवा, आधी स्वाती आणि मग चित्रा.