गाडी परस्पर दुसऱ्याच्या नावावर चढली? या चुका टाळा

अशा भांडणांचं मूळ बऱ्याचदा कोऱ्या फॉर्मवरच्या सहीत सापडतं. फॉर्म २९ ही विक्रेत्याने आरटीओला द्यायची सूचना, फॉर्म ३० हा मालकी बदलण्याचा अर्ज. "सही करून ठेवा, गिऱ्हाईक आलं की नाव टाकतो," असं एजंट म्हणतो आणि आपण करतो. मग गाडी कोणाच्या नावावर आणि कोणत्या तारखेला जाईल, हे त्याच्या हातात. घेणाऱ्याचं नाव, चेसिस नंबर, तारीख भरलेली नसेल तर सही करू नका. आधारच्या झेरॉक्सवर गाडीचा नंबर, घेणाऱ्याचं नाव आणि "फक्त याच हस्तांतरणासाठी" असं आडवं लिहून द्या. गाडी डीलरकडे ठेवणार असाल तर तो आरटीओकडे अधिकृत नोंदलेला आहे का ते बघा आणि फॉर्म २९सी भरून ताबा दिल्याची नोंद करा. ही सोय १ एप्रिल २०२३ पासून आहे, तरी अजून स्टॅम्प पेपरवरच काम भागवलं जातं.

पुढची चूक जास्त महागात पडते. कोऱ्या फॉर्मवर खरी सही दिलेली असते, पण तक्रारीत "ही सही माझी नाही" असं ठोकून दिलं जातं. हस्ताक्षर तज्ज्ञाने सही तुमचीच ठरवली की बाकीच्या म्हणण्यावरही कोणी विश्वास ठेवत नाही. खरं तेच लिहा: सही माझी, मजकूर माझ्या संमतीशिवाय भरला. सही केलेल्या कोऱ्या कागदावर परस्पर मजकूर भरणं हाही बनावट दस्तऐवजाचाच प्रकार आहे. सही खरोखरच खोटी असेल तर त्याच काळातले चेक, बँकेचे फॉर्म शोधून ठेवा. तुलनेला तेच उपयोगी पडतात.

पोलिसांकडे जायला उशीर नको, पण त्याच दिवशी आरटीओत लेखी हरकतही द्या आणि आवक शिक्क्याची पोच घ्या. पुढचं हस्तांतरण, दुसऱ्या राज्यासाठी एनओसी, नवीन कर्जाचा बोजा, यांपैकी काहीही नोंदवू नये अशी स्पष्ट मागणी करा. हस्तांतरणाच्या पूर्ण फाइलची प्रमाणित प्रत मागा: फॉर्म, ओळखपत्रं, चेसिस प्रिंट (गाडीवरच्या चेसिस नंबरचा ठसा), कर्ज असल्यास बँकेची एनओसी. 'वाहन' या सरकारी ऑनलाइन नोंदणी प्रणालीतला मोबाइल नंबर कधी बदलला, हेही विचारा. ओटीपी भलतीकडे कसा गेला ते तिथे कळू शकतं. खोट्या कागदांवर मिळवलेली नोंदणी मोटार वाहन कायद्याच्या कलम ५५(५) खाली रद्द होऊ शकते. आरटीओच्या आदेशावर कलम ५७ चं अपील करायचं तर मुदत आदेशाची नोटीस मिळाल्यापासून ३० दिवस. तोंडी चकरा मारण्यात ती सहज निघून जाते.

पोलीस ठाण्यात "हे दिवाणी प्रकरण आहे" हे ऐकायची तयारी ठेवा. गुन्हा नोंदवला नाही तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७३(४) प्रमाणे तक्रार पोलीस अधीक्षकांना लेखी पाठवा. तिथेही काही झालं नाही तर दंडाधिकाऱ्यांकडे अर्ज.

आरसीवर नाव म्हणजे मालकी, असं दोन्ही बाजू धरून चालतात. चोराकडून घेतलेल्या गाडीवर सहसा मालकी मिळत नाही, मग आरसीवर कोणाचंही नाव असो. पण तुम्हीच विकलीत आणि चेक वटला नाही, तर गोष्ट वेगळी. वस्तू विक्री कायदा, १९३० च्या कलम २९ प्रमाणे, तुम्ही व्यवहार रद्द करण्याआधी ठगाने ती प्रामाणिक खरेदीदाराला विकली, तर गाडी त्या खरेदीदाराची होते. म्हणून व्यवहार रद्द केल्याची नोटीस स्पीड पोस्टाने लगेच काढा. "पैसे देतो, थांबा" यावर महिनाभर थांबणारा इथेच हरतो. समोरच्याने बाजारभावाच्या निम्म्यात, रोखीने, मूळ आरसी न बघता घेतली असेल तर तो प्रामाणिक कसला, हा प्रश्न मात्र कोर्टात जरूर उभा करा.

पोलिसांनी गाडी जप्त केली तर ती आवारात गंजू देऊ नका. दंडाधिकाऱ्यांकडे ताब्यासाठी अर्ज करा. समोरचा नवी आरसी घेऊनच येणार, तेव्हा हरकतीची पोच आणि फाइलची प्रत सोबत जोडा. मिळालेला ताबा तात्पुरता असतो. मालकीचा निकाल दिवाणी कोर्टातच लागतो आणि तो दावा साधारण ३ वर्षांच्या आत लावावा लागतो.

उलट बाजूही आहे: गाडी खरंच विकली, पण नाव बदललंच नाही. त्याच राज्यात विक्रेत्याने १४ दिवसांत आरटीओला कळवायचं असतं. तसं झालं नाही आणि अपघात झाला, तर भरपाईची जबाबदारी नोंदणीकृत मालकावरच, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये नवीन कुमार प्रकरणात सांगितलं. गाडी दिल्याची डिलिव्हरी नोट तिथे कामी येत नाही.