ऑलिव्हैरा बघायचाय? बाहुलीपासून सुरुवात करा

मी मूळचा कुडाळचा. तरुणपणी हौशी नाटकांत विंगेत बसून प्रॉम्प्टिंग करायचो. आता डोंबिवलीला असतो आणि रविवारी दुपारी घरीच सात-आठ मंडळी जमवून सिनेमा लावतो. मानुएल द ऑलिव्हैरा हा पोर्तुगीज दिग्दर्शक मी दोनदा लावला. पहिल्यांदा तोंडघशी पडलो, दुसऱ्यांदा जमलं. कुणाला घरी लावायचा असेल तर माझ्या चुकांचा उपयोग होईल.

पहिली चूक अशी की, त्याचं नाव मोठं म्हणून मी सिनेमाही मोठा निवडला. १९७८ चा 'आमोर द पेर्दिसांव', सव्वाचार तासांच्या वर. चहापर्यंत आठाचे तीन उरले. त्यातले एक आमचे व्याही, त्यांना उठून जाता येईना. याच माणसाचा १९८५ चा एक सिनेमा जवळपास सात तासांचा आहे. त्याच्या वाटेला मी अजून गेलेलो नाही.

शोधतानाची एक गोष्ट आधी सांगतो. त्याच्या नावाचं स्पेलिंग जुन्या वळणाचं आहे, मधे 'यू' नाही, 'ओ' आहे: Manoel. एकाच सिनेमाला भाषेगणिक वेगवेगळी नावं असतात, म्हणून पोर्तुगीज नाव आणि साल दोन्ही टाका. आणि मंडळी यायच्या आधी सबटायटल्स पाच मिनिटं तपासा. याच्या सिनेमात माणसं भरपूर बोलतात. ओळी दोन सेकंद मागे पडल्या तरी दुपार वाया जाते.

पहिल्या रविवारी 'अनिकी-बोबो' (१९४२) लावा. सवा तासाच्या आत संपतो. पोर्तू शहर, दोरु नदीचा काठ आणि शाळकरी पोरं. आपल्याकडे 'अटक मटक चवळी चटक' म्हणतात तसं तिथली पोरं चोर-पोलिसाच्या खेळात कोण चोर, कोण पोलीस हे ठरवायला 'अनिकी-बेबे, अनिकी-बोबो' म्हणतात, तेच सिनेमाचं नाव. कार्लितोस नावाचा मुलगा आवडत्या मुलीसाठी दुकानातली बाहुली चोरतो. दुकानाचं नाव 'मोहाचं दुकान'! चोरीनंतरचं त्याचं तोंड बघा. पोराला आपण काय केलं ते कळलंय आणि बाहुली देण्याचा आनंदही लपत नाही. ही बाहुली लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

तेव्हा हा सिनेमा चालला नाही. पुढचा मोठा सिनेमा करायला ऑलिव्हैराला एकवीस वर्षं लागली. मधल्या काळात घरचा व्यवसाय, द्राक्षमळे आणि थोडे लघुपट.

दुसरा रविवार खुद्द त्याला बघायचा. दिग्दर्शक व्हायच्या आधी हा देखणा, खेळाडू गडी नट व्हायला निघाला होता. विशीत अभिनयाच्या शाळेत गेला, १९२८ च्या एका मूकपटात किरकोळ काम केलं. १९३३ च्या 'अ कान्सांव द लिझ्बोआ' या गाजलेल्या विनोदी बोलपटात तो नायकाचा मित्र आहे. विनोद भाषेवरचे, आपल्याला अर्धे कळत नाहीत. त्याचे प्रसंग आणि गाणी बघा, बाकीचं पळवलं तरी पाप लागणार नाही. मोटारींच्या शर्यतीही हा करायचा, १९३७ साली एश्तोरिलची जिंकली. त्याला जोडून 'दोरु, फाइना फ्लुव्हियाल' (१९३१) लावा. बंदरावरच्या कष्टांचा वीसेक मिनिटांचा मूकपट. याच्या वेगवेगळ्या संगीताच्या आवृत्त्या फिरतात, आवाज बंद करून बघितलात तरी चालेल. शेवटी जर्मन दिग्दर्शक विम वेंडर्सच्या 'लिस्बन स्टोरी'तला (१९९४) त्याचा प्रसंग लावा. पंच्याऐंशीच्या घरातले आजोबा चॅप्लिनची चाल चालून दाखवतात. आमच्याकडे या प्रसंगाला टाळ्या पडल्या.

आता तिसरा रविवार, 'ऊं फिल्म फालादु' (२००३). याचा अर्थ सरळ 'बोलपट'! लिस्बनची इतिहासाची प्राध्यापिका लहान मुलीला घेऊन जहाजाने निघते. मार्से, पाँपेई, अथेन्स, इस्तंबूल, पिरॅमिड, एडन, आणि शेवटी जायचंय मुंबईला, मुलीच्या बाबांकडे. आई वाटेत प्रत्येक दगडाचा इतिहास सांगते आणि मुलगी विचारत सुटते. पहिला तासभर हे असंच चालतं, मंडळी चुळबुळतील. तेव्हा चहा देऊ नका. कॅप्टनच्या जेवणाच्या टेबलाशी पोचलात की द्या.

त्या टेबलावर फ्रेंच बाई फ्रेंच बोलते, इटालियन बाई इटालियन, ग्रीक बाई ग्रीक, कॅप्टन इंग्रजी, आणि सगळ्यांना सगळं कळतं. मग आपली प्राध्यापिका येऊन बसते. पोर्तुगीज कुणालाच येत नाही, म्हणून सगळे इंग्रजीवर येतात. आमच्या खोलीत एकदम शांतता. मग एक बाई म्हणाल्या, "आमच्या ऑफिसचा कँटीन टेबल." ऑलिव्हैराला डोंबिवली माहीत असण्याचं कारण नाही, पण हे त्याने कुठूनतरी अचूक पकडलंय. आणि कॅप्टन त्या मुलीला भेट काय देतो? बाहुली. एकसष्ट वर्षांनी पुन्हा बाहुली. तिचं पुढे काय होतं ते सांगत नाही. जहाज मुंबईला लागत नाही, एवढंच.

चौथा रविवार मी माझ्या हौसेखातर लावतो, तुम्हाला गाळायचा तर गाळा. 'आक्तु दा प्रिमाव्हेरा' (१९६३). कुराल्या नावाच्या खेड्यात गावकरीच येशूच्या मरणाचा खेळ करतात. ओळी बोलत नाहीत, एका ठरावीक हेलात आळवतात. आमच्याकडच्या दशावतारात गावातलाच माणूस मुकुट चढवला की देव होतो आणि लोक त्याला हात जोडतात, ते ज्याने बघितलंय त्याला वेगळं सांगायला नको. दशावतारातला नट संवाद रंगात येऊन जागच्या जागी रचतो, इथे मात्र जुनी संहिता जशीच्या तशी. माझ्यातला प्रॉम्प्टर सबटायटल्स सोडून नुसता हेल ऐकत बसतो.

'व्हिझिता' शेवटीच लावा, अगदी शेवटी. १९८२ साली कर्जापायी पोर्तूमधलं राहतं घर विकायची वेळ आली, तेव्हा त्याने त्या घरात हा सिनेमा केला आणि मी गेल्यावरच दाखवा म्हणून सांगून ठेवलं. तेव्हा तो त्र्याहत्तरचा होता. नंतर तेहतीस वर्षं जगला, नव्वदीनंतरही जवळपास दर वर्षी सिनेमा काढत राहिला. २ एप्रिल २०१५ ला, वयाच्या एकशे सहाव्या वर्षी गेला, तेव्हा कुठे डबा उघडला. आधीचे रविवार केले नसतील तर यात नुसत्या रिकाम्या खोल्या आणि एक म्हातारा माणूस दिसेल. केले असतील तर जिन्यावरून फिरणारा कॅमेरासुद्धा ओळखीचा वाटतो.

सिनेमा संपल्यावर व्याही बराच वेळ खुर्चीतच होते. यावेळी त्यांना उठायला कुणी अडवलं नव्हतं.