गेम काढल्यावर उरलेला पसारा: काय उडवायचं आणि कशाला हात लावायचा नाही

अनइन्स्टॉलर फक्त त्याने स्वतः आणून ठेवलेल्या फाइल्स उचलतो. गेमने चालता चालता तयार केलेल्या सेव्ह, सेटिंग, लॉग आणि क्रॅशच्या नोंदी, शिवाय तुम्ही हाताने टाकलेले मॉड (गेममध्ये बदल करणाऱ्या जादा फाइल्स), यांतलं बरंचसं तो तसंच सोडतो. हा बिघाड नाही. उद्या गेम पुन्हा टाकलात तर प्रगती शाबूत मिळावी, म्हणून सेव्ह मुद्दाम मागे ठेवतात. पंचाईत अशी की दोनशे तासांची सेव्ह फाइल आणि काही जीबींचे निरुपयोगी क्रॅश डंप बरेचदा एकाच फोल्डरात असतात. त्यामुळे ‘एका क्लिकमध्ये सगळं साफ’ म्हणणाऱ्या क्लीनरच्या नादी लागू नका. त्याला या दोन्हींतला फरक कळत नाही. हे काम हातानेच करायचं.

खालचं सगळं विंडोज १० आणि ११ साठी आहे. गेम आधी रीतसर काढा (मॉडसाठी व्होर्टेक्स वापरत असाल तर त्याआधी खालचा ‘पर्ज’चा भाग वाचा), लाँचर, म्हणजे स्टीम किंवा एपिकसारखा गेम चालवणारा प्रोग्राम, पूर्ण बंद करा (घड्याळाशेजारी लपून बसलेलाही) आणि मशीन एकदा रीस्टार्ट करा.

आधी मोजा

एकेक फोल्डर उघडून अंदाज बांधत बसू नका. विझट्री हा कोणत्या फोल्डरने किती जागा खाल्ली ते दाखवणारा प्रोग्राम घ्या आणि अ‍ॅडमिनिस्ट्रेटर म्हणून चालवा. एनटीएफएस ड्राइव्हचं मास्टर फाइल टेबल (ड्राइव्हवरच्या सगळ्या फाइल्सची सूची) ते थेट वाचतं, त्यामुळे भरलेल्या डिस्कचा हिशोबही चटकन समोर येतो. विनडिरस्टॅट किंवा ट्रीसाइझनेही काम भागतं. जे फोल्डर १०० एमबीच्या आत आहे ते सोडून द्या. पाच-दहा एमबीसाठी अर्धा तास घालवायचा आणि वर सेव्ह उडवायचा धोका पत्करायचा, हा व्यवहार तोट्याचा आहे.

लाँचरचं फोल्डर

स्टीममध्ये ‘स्टीमअ‍ॅप्स’ उघडा. आत ‘कॉमन’मध्ये काढलेल्या गेमचं फोल्डर अजून असेल, तर त्यात बहुतेक मॉडच असतात. ‘डाउनलोडिंग’मध्ये अर्धवट अपडेट पडलेले असतात. ‘वर्कशॉप’मधल्या (स्टीमवरून उतरवलेले मॉड) ‘कंटेंट’मध्ये आणि ‘शेडरकॅश’मध्ये (ग्राफिक्ससाठी आधीच तयार करून ठेवलेल्या फाइल्स) नावं नसतात, नुसते आकडे असतात. तो त्या गेमचा स्टीमवरचा क्रमांक. काउंटर-स्ट्राइक २ चा ७३०, पबजीचा ५७८०८०, स्कायरिम स्पेशल एडिशनचा ४८९८३०. इतरांचा हवा असेल तर स्टोअरमधल्या त्या गेमच्या पानाच्या पत्त्यात सापडतो. क्रमांक जुळला तर उडवा, मात्र वर्कशॉपमधली सदस्यता आधी रद्द करा. नाहीतर गेम पुन्हा टाकलात की तेच सगळं परत उतरेल. ‘स्टीमवर्क्स शेअर्ड’ला हात लावू नका.

मॉडसाठी व्होर्टेक्स वापरत असाल तर एक गोष्ट डोकं खाते. गेमच्या फोल्डरातल्या मॉडच्या फाइल्स उडवल्या तरी जागा वाढत नाही. कारण व्होर्टेक्स सहसा हार्डलिंक करतं. फाइल डिस्कवर एकच असते, दिसते मात्र दोन ठिकाणी. दोन्हीकडून गेल्याशिवाय जागा सुटत नाही. म्हणून गेम काढण्याआधी व्होर्टेक्समध्ये ‘पर्ज’ करा (गेमच्या फोल्डरातले मॉड निघतात), मग त्याच्या स्टेजिंग फोल्डरातले, म्हणजे तो मॉड साठवतो तिथले, मॉड काढा. डाउनलोड केलेल्या मूळ झिप फाइल्स तिसरीकडे असतात, त्याही बघा.

गेमचं फोल्डर आधीच हाताने डिलीट करून बसला असाल, तर स्टीमला तो अजून इन्स्टॉल्डच वाटतो. लायब्ररीतून अनइन्स्टॉल दाबा, नोंद निघून जाईल. एपिकमध्ये हे कधीकधी अडतं. तेव्हा सी ड्राइव्हवरच्या ‘प्रोग्रामडेटा’त एपिक, एपिक गेम्स लाँचर, डेटा, मॅनिफेस्ट्स असं आत जा. तिथल्या ‘आयटम’ एक्स्टेन्शनच्या फाइल्स नोटपॅडमध्ये उघडतात. ‘डिस्प्लेनेम’समोर ज्या गेमचं नाव दिसेल ती एकच फाइल काढा, लाँचर बंद ठेवून.

अ‍ॅपडेटा आणि डॉक्युमेंट्स: इथे घाई करायची नाही

सगळ्यात जास्त नुकसान इथे होतं, आणि सगळ्यात वाईट सल्लेही याच जागेबद्दल मिळतात. ‘अ‍ॅपडेटातलं गेमचं फोल्डर डिलीट करून टाका’ असं जो सांगतो, त्याने सेव्ह कुठे असतात ते कधी पाहिलेलं नसतं.

फाइल एक्सप्लोररमध्ये लपलेल्या फाइल्स दाखवायचा पर्याय चालू करा आणि सी ड्राइव्ह, यूजर्स, मग तुमच्या नावाच्या फोल्डरात जा. बघायच्या जागा सहा: अ‍ॅपडेटातले ‘रोमिंग’, ‘लोकल’ आणि ‘लोकललो’, त्याबाहेरचं ‘सेव्ह्ड गेम्स’, डॉक्युमेंट्समधलं ‘माय गेम्स’ आणि खुद्द डॉक्युमेंट्स. कोणता गेम कुठे लिहितो याला एक नियम नाही. एल्डन रिंगची सेव्ह रोमिंगमध्ये, सायबरपंकची ‘सेव्ह्ड गेम्स’मध्ये, विचर ३ ची थेट डॉक्युमेंट्समध्ये, स्कायरिमची ‘माय गेम्स’मध्ये. मायनक्राफ्ट जावाचं सगळं जगच रोमिंगमधल्या टिंबाने सुरू होणाऱ्या ‘मायनक्राफ्ट’ फोल्डरात असतं. ‘कॅश असेल’ म्हणून तो उडवला की बांधलेली घरंदारं गेली.

गेमच्या नावाने शोध घेतला तरी सगळं सापडत नाही, कारण फोल्डरला बरेचदा प्रकल्पाचं आतलं नाव किंवा कंपनीचं नाव असतं. पबजीचं फोल्डर ‘लोकल’मध्ये ‘टीएसएलगेम’ या नावाने बसलेलं असतं. हॉलो नाइट हवा असेल तर ‘लोकललो’मध्ये ‘टीम चेरी’ शोधावं लागतं. इथे इंजिन, म्हणजे गेम ज्या सॉफ्टवेअरवर बनला ते, ओळखता आलं तर काम सोपं होतं. युनिटीवर बनलेले गेम बहुधा ‘लोकललो’मध्ये आधी कंपनीचं आणि त्यात गेमचं फोल्डर करतात. अनरियलवर बनलेले बहुतेक ‘लोकल’मध्ये प्रकल्पाच्या नावाचं फोल्डर करतात आणि त्यात ‘सेव्ह्ड’ नावाचं आणखी एक. नाव सेव्ह्ड असलं तरी आतलं सगळं सेव्ह नसतं, फसू नका. त्यात ‘सेव्हगेम्स’ म्हणजे तुमची प्रगती, ‘कॉन्फिग’ म्हणजे ग्राफिक्सची आणि बटणांची सेटिंग, ‘लॉग्ज’ आणि ‘क्रॅशेस’ म्हणजे कचरा. गेम वारंवार बंद पडत असेल तर एकट्या ‘क्रॅशेस’चाच आकार काही जीबींवर जातो. तो आणि ‘लॉग्ज’ डोळे मिटून उडवा. ‘कॉन्फिग’ गेला तर फार तर सेटिंग पुन्हा लावावी लागेल. ‘सेव्हगेम्स’ मात्र वेगळ्या ड्राइव्हवर कॉपी केल्याशिवाय हलवायचा नाही.

फोल्डर कोणाचं आहे ते कळतच नसेल, तर आतल्या फाइल्स तारखेनुसार लावून बघा. शेवटची तारीख तुम्ही गेम शेवटचा खेळलात तेव्हाची निघाली, आत लॉग असला आणि तो नोटपॅडमध्ये उघडल्यावर पहिल्या काही ओळींत गेमच्या एक्झी फाइलचा पत्ता दिसला, की शंका मिटली. एवढं करूनही कळलं नाही तर फोल्डर डिलीट करू नका, नाव बदला. शेवटी ‘जुना’ जोडा आणि आठवडाभर मशीन नेहमीसारखं वापरा. कशाची तक्रार आली नाही तर मग काढा.

‘क्लाउडवर आहे की’ हा भरवसाही तपासून ठेवा. स्टीम क्लाउड प्रत्येक गेमला नसतं, आणि असलं तरी सगळ्याच फाइल्स वर जातात असं नाही. स्टीमच्या वेबसाइटवर लॉगिन करून खात्यातल्या क्लाउडच्या पानावर जा. तिथे गेमवार यादी दिसते आणि फाइल्स उतरवूनही घेता येतात. त्या यादीत तुमची सेव्ह, अलीकडच्या तारखेची, डोळ्यांनी दिसली तरच ती आहे असं समजा. आणि क्रम पाळा: आधी गेम अनइन्स्टॉल, मग सेव्हची साफसफाई. गेम मशीनवर असताना सेव्ह उडवून तो चालू केलात, की क्लाउड आणि मशीन यांच्यात खरं कोणाचं असा वाद सुरू होतो. त्या खिडकीत चुकीचं बटण दाबलं की चांगली प्रतही जाते.

दुसरा सापळा वनड्राइव्हचा. विंडोज ११ सेटअप करताना बऱ्याच जणांचं डॉक्युमेंट्स फोल्डर नकळत वनड्राइव्हच्या आत जातं. मग ‘माय गेम्स’ दोन दिसतात, एक यूजरच्या फोल्डरातला जुना आणि एक वनड्राइव्हमधला. खरा कोणता ते फाइल्सच्या तारखा सांगतात. वनड्राइव्हमधला डिलीट केला की तो त्या खात्याच्या सगळ्या मशीनवरून जातो. वैयक्तिक खात्यात तो वेबवरच्या रीसायकल बिनमध्ये ३० दिवस राहतो, पुढे नाही. शिवाय फुकटची जागा ५ जीबीच असते. गेमच्या सेव्हने ती भरली की फोटोंचा बॅकअप थांबतो आणि कारण लक्षात येत नाही.

या सहा जागांमध्ये शिफ्ट-डिलीट (बिनमध्ये न जाता थेट कायमचं डिलीट) वापरायचं नाही. साधं डिलीट करा, बिनमध्ये राहू द्या, आठवड्याने बिन रिकामा करा. जागा तेव्हाच सुटेल. बिनच्या मर्यादेपेक्षा मोठं काही असलं तर विंडोज ‘कायमचं डिलीट होईल’ असं विचारतं. तो प्रश्न न वाचता एंटर मारू नका.

शेडर कॅश

डिस्क क्लीनअपमध्ये ‘डायरेक्टएक्स शेडर कॅश’वर खूण करा, झालं. एनव्हीडियाचा स्वतःचा ‘डीएक्सकॅश’ ड्रायव्हरनुसार ‘लोकल’ किंवा ‘लोकललो’मधल्या एनव्हीडियाच्या फोल्डरात असतो. आतलं सगळं उडवता येतं, वापरात असलेल्या फाइल्सना ‘स्किप’ म्हणा. उरलेले गेम पहिल्यांदा चालवताना थोडे अडखळतील, कारण कॅश नव्याने बनतो. म्हणूनच हे दर आठवड्याला करायचं काम नाही.

अँटी-चीट

व्हॅलोरंट काढलात तरी रायट व्हॅनगार्ड हा त्याचा अँटी-चीट (खेळातली फसवणूक पकडणारा) प्रोग्राम मागे राहू शकतो, आणि त्याचा ड्रायव्हर मशीन सुरू होतानाच लोड होतो. सेटिंग्जमधल्या अ‍ॅप्सच्या यादीत त्याची वेगळी नोंद असते, तिथून काढा. लीग ऑफ लेजंड्स खेळत असाल तर ठेवा, त्यालाही तो लागतो.

ईझी अँटी-चीट आणि बॅटलआय यांचं तसं नाही. त्यांच्या सर्व्हिस गेम चालू झाल्यावरच जाग्या होतात आणि एकच सर्व्हिस अनेक गेमना लागते. असा एकही गेम उरला नसेल तरच काढा. ‘सर्व्हिसेस’ उघडा, नोंदीवर डबल-क्लिक करा आणि सगळ्यात वरचं ‘सर्व्हिस नेम’ टिपून घ्या. खालचं डिस्प्ले नेम इथे चालत नाही. मग कमांड प्रॉम्प्ट अ‍ॅडमिनिस्ट्रेटर म्हणून उघडून ‘एससी डिलीट’ आणि पुढे ते नाव द्या. पॉवरशेलमध्ये हे करू नका. विंडोजबरोबर येणाऱ्या पॉवरशेलमध्ये ‘एससी’ ही फाइलमध्ये मजकूर लिहायची आज्ञा आहे. ती ‘डिलीट’ नावाची फाइल तयार करून गप्प बसते, आणि सर्व्हिस तिथेच राहते.

डिलीटच न होणारं विंडोजअ‍ॅप्स

सी ड्राइव्हवरचं ‘विंडोजअ‍ॅप्स’ फोल्डर कधीही, कोणीही सांगितलं तरी, ताब्यात घ्यायचं नाही. कॅल्क्युलेटर, फोटोज आणि खुद्द स्टोअर तिथूनच चालतं. तिथला गेम अ‍ॅप्सच्या यादीतून किंवा एक्सबॉक्स अ‍ॅपमधूनच निघतो.

डी ड्राइव्हवरचं गाठोडं वेगळं. विंडोज नव्याने टाकलं किंवा जुन्या मशीनची डिस्क लावली, की तिथलं विंडोजअ‍ॅप्स बेवारस होतं आणि मालकी तुमच्याकडे नसल्याने हटत नाही. अ‍ॅप्सच्या यादीत ड्राइव्हनुसार गाळणी लावून डीवर सध्याचं काही नाही याची खात्री करा. मग फोल्डरवर राइट-क्लिक, प्रॉपर्टीज, सिक्युरिटी, अ‍ॅडव्हान्स्ड. ओनरसमोर ‘चेंज’, तुमचं नाव, ‘चेक नेम्स’. ‘आतल्या सगळ्यांचा मालक बदला’ या अर्थाच्या चौकटीवर खूण करा, ओके करा. इथे सगळ्या खिडक्या बंद करून पुन्हा उघडाव्या लागतात, त्याशिवाय परवानगीचे पर्याय दिसत नाहीत. बहुतेक जण इथेच ‘जमत नाही’ म्हणून सोडून देतात. दुसऱ्या वेळी ‘अ‍ॅड’ करून स्वतःला ‘फुल कंट्रोल’ द्या, आतल्या फाइल्सनाही तेच लागू करा आणि मग शिफ्ट-डिलीट.

जे तसंच ठेवायचं

व्हिज्युअल सी प्लस प्लसच्या पाच-सात नोंदी यादीत बघून हात शिवशिवतात. प्रत्येक आवृत्ती कुठल्या ना कुठल्या प्रोग्रामला लागते आणि जागा नगण्य असते. ठेवा. रजिस्ट्रीतल्या उरलेल्या नोंदी किलोबाइट्सच्या असतात, त्या काढून मशीन वेगवान होत नाही. अ‍ॅप्सच्या यादीत मेलेली नोंद अडकली असेल तर मायक्रोसॉफ्टचा इन्स्टॉल-अनइन्स्टॉल ट्रबलशूटर वापरा.

एक नोंद मात्र जरूर काढा. ट्रेनर (गेममध्ये फसवाफसवी करू देणारा प्रोग्राम) किंवा एखादा मॉड चालावा म्हणून गेमचं फोल्डर विंडोज डिफेंडरच्या ‘एक्सक्लूजन्स’मध्ये (तपासणीतून सूट दिलेल्या जागांच्या यादीत) टाकलं असेल, तर गेम गेल्यावरही ती सूट तशीच राहते. उद्या त्याच पत्त्यावर काहीही येऊन बसलं तरी डिफेंडर तिकडे बघणार नाही. विंडोज सिक्युरिटी, व्हायरस अँड थ्रेट प्रोटेक्शन, मॅनेज सेटिंग्ज, आणि खाली तळाजवळ एक्सक्लूजन्स.